आधी कॅमेरा की आधी जंगल?

वन्यजीव चित्रीकरणातच उतरायचे असे ठरवलेल्या तरुणांपुढे पदवीच्या सुमारास दोन वाटा येतात. एक वाट पुण्याच्या फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूटसारख्या (एफटीआयआय) संस्थेत छायालेखन रीतसर शिकून मग कॅमेरा जंगलाकडे वळवण्याची आहे. दुसरीत आधी प्राण्यांचे वर्तन समजून घ्यायचे, संशोधन प्रकल्पावर किंवा एखाद्या अनुभवी चित्रकर्त्याच्या हाताखाली राबायचे आणि कॅमेरा काम करता करता शिकायचा, असा क्रम असतो. दोन्ही वाटांनी गेलेली माणसे मोठी झाली आहेत. नरेश बेदी एफटीआयआयमध्ये शिकले आणि २०१५ मध्ये पद्मश्रीचे मानकरी ठरले. चेन्नईचे शेखर दत्तात्री शाळकरी वयातच मद्रासच्या सर्पोद्यानात स्वयंसेवक म्हणून रमले, प्राणिशास्त्राचे पदवीधर झाले, आणि २००४ मध्ये त्यांना रोलेक्स पुरस्कार मिळाला. मुंबईच्या आंतरराष्ट्रीय माहितीपट महोत्सवात २०२४ मध्ये व्ही. शांताराम जीवनगौरव मिळालेले सुब्बय्या नल्लमुथु तर पूर्वी इस्रोमध्ये अतिवेगवान चित्रीकरणाचे काम करत होते. तेव्हा अमुक एकच वाट खरी, असे छातीठोकपणे सांगणाऱ्याचे फारसे ऐकू नये.

दोन्ही शिक्षणांतला फरक टिटवीच्या घरट्यावर चांगला दिसतो. टिटवी उघड्या माळावर, खड्यांच्या जेमतेम खळग्यात अंडी घालते. मे महिन्याच्या दुपारी जमीन तापली की ती जवळच्या डबक्यावर जाऊन पोटाची पिसे भिजवते आणि ओल्या पोटाने परत येऊन अंड्यांवर बसते. ज्याला हे ठाऊक आहे, तो लपण, म्हणजे लपून चित्रीकरण करण्याचा आडोसा, घरट्यापाशी न उभारता डबके आणि घरटे दोन्ही टप्प्यात येतील अशा जागी उभारतो आणि पक्षी ओरडू लागला की आपण फार जवळ आलो आहोत हे ओळखून मागे सरतो. मात्र तोच माणूस पुष्कळदा पाण्यात बसलेल्या टिटवीचा दोन मिनिटांचा सलग शॉट घेऊन समाधानाने घरी येतो. संस्थेत शिकलेल्याला डोळ्यांसमोर संकलनाचे टेबल दिसत असते: भेगाळलेली जमीन, उघडी अंडी, पाण्यात टेकलेले पोट, निथळत चाललेले पाय, अंड्यावर पडलेला थेंब. हे पाचही तुकडे एका दुपारी मिळत नाहीत; तीन-चार दिवस त्याच उजेडाची वाट पाहावी लागते. पण कोणता तुकडा राहिला आहे हे त्याला कळते. अर्थात टिटवी पोट भिजवते हेच माहीत नसेल, तर तो दिवसभर घरट्यावर भिंग रोखून बसेल आणि पक्षी मधूनच उठून का जातो, याचा विचार करत राहील.

एफटीआयआय १९६० मध्ये प्रभात स्टुडिओच्या जागेत सुरू झाली. तिथला छायालेखनाचा अभ्यासक्रम तीन वर्षांचा आहे. त्यासाठी पदवी आणि प्रवेश परीक्षा लागते आणि जागा मोजक्या असतात. तिथे प्रकाश, भिंगे आणि संकलनाची जाण यांचे शिक्षण मिळतेच, शिवाय पुढे वीस वर्षे उपयोगी पडणारे सहाध्यायी मिळतात, आणि या धंद्यात ही शिदोरी लहान नाही. अडचण एवढीच की तिथल्या बहुतेक सरावात उजेड आपण लावतो आणि शॉट फसला तर पुन्हा घेतो. रानात ही दोन्ही सुखे नाहीत. तीन वर्षांनंतर पुष्कळजण जाहिराती आणि मालिकांकडे वळतात. कर्ज फेडायचे असेल तर त्यांना दोष कसा द्यावा?

दुसऱ्या वाटेवर डेहराडूनची भारतीय वन्यजीव संस्था आणि बेंगळुरूच्या राष्ट्रीय जीवविज्ञान केंद्रातला (एनसीबीएस) वन्यजीवशास्त्राचा अभ्यासक्रम आहे. पुण्यातच राहायचे असेल तर आबासाहेब गरवारे महाविद्यालयात जैवविविधतेची पदव्युत्तर पदवी घेता येते. मोठा फायदा म्हणजे चित्रपटाचे काम नसेल तेव्हाही सर्वेक्षणाचे आणि संशोधनाचे काम मिळू शकते. वनखात्याशी बोलण्याची सवयही लागते, आणि तिची गरज भासतेच, कारण अभयारण्यात चित्रीकरणासाठी १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्यानुसार मुख्य वन्यजीव रक्षकांची परवानगी घ्यावी लागते. तोटा मात्र उशिरा कळतो. हार्ड डिस्कवर शेकडो तासांचे फुटेज जमते आणि चित्रपट होतच नाही.

इंग्लंडमधल्या ब्रिस्टलचा विचारही अनेकांच्या मनात असतो. तिथल्या वेस्ट ऑफ इंग्लंड विद्यापीठात बीबीसीच्या निसर्ग विभागाच्या सहकार्याने वन्यजीव चित्रपटांचे पदव्युत्तर शिक्षण मिळते. शिष्यवृत्ती नसेल तर तिकडचा खर्च पाहता मी तो विचार थोडे काम हातून झाल्यानंतरसाठी ठेवीन.

पैशाची गोष्ट दोन्ही वाटांवर सारखीच कठीण आहे. काम बहुधा रोजावर मिळते, सुरुवात मदतनीस म्हणून होते, सामग्रीत लाखो रुपये अडकतात, आणि पावसाळ्यात ताडोब्याचे गाभा क्षेत्र १ जुलैपासून तीन महिने पर्यटकांना बंद असते. जो फक्त वाघावर अवलंबून आहे, त्याचे तेवढे महिने रिकामे जातात. बेडूक, खेकडे आणि किडे टिपणाऱ्याचा मात्र तोच हंगाम असतो.

माझे मत दुसऱ्या वाटेकडे झुकते, कारण कॅमेऱ्याचे तंत्र दर काही वर्षांनी बदलते आणि ते नव्याने शिकता येते, पण प्राण्यासमोर गप्प बसण्याची सवय तिशीनंतर लावून घेणे अवघड जाते. हे मत ज्याला छायालेखक व्हायचे आहे त्याच्यापुरतेच आहे. ज्याला दिग्दर्शन करायचे आहे, पटकथा स्वतः बांधायची आहे, त्याला संस्थेतली तीन वर्षे अधिक देतील.

तरीही ठरत नसेल, तर अर्ज भरण्याआधी एक उन्हाळा माळावर काढावा. मागून आणलेल्या साध्या कॅमेऱ्याने, घरट्याला त्रास होणार नाही एवढ्या अंतरावरून टिटवीचे चित्रीकरण करावे आणि निवेदन न वापरता तीन मिनिटांची फिल्म जोडून पाहावी. पक्षी पुढे काय करील हे न कळल्यामुळे शॉटच हुकले असतील, तर प्राणिशास्त्राकडे जावे. शॉट भरपूर मिळूनही तीन मिनिटे उभी राहिली नाहीत, तर एफटीआयआयच्या प्रवेश परीक्षेची तयारी सुरू करावी.