कियान, रेयांश की विहान?

मुलासाठी वेगळं, नव्या वळणाचं नाव शोधणाऱ्यांच्या यादीत शेवटी बऱ्याचदा ही तीन नावं उरतात. ऐकायला तिन्ही एकाच घरातली वाटतात. लहान, मऊ, जोडाक्षर नाही. नावांच्या याद्यांत दिलेले अर्थही तसेच गोड आहेत : कियान म्हणजे 'ईश्वराची कृपा', रेयांश म्हणजे 'प्रकाशाचा किरण' (कुठे 'विष्णूचा अंश'), विहान म्हणजे 'पहाट'. यातला फक्त शेवटचा अर्थ खरा आहे. पण म्हणून विहानच ठेवा, असं मी म्हणणार नाही.

आधी कियान, कारण सांगण्यासारखं सगळ्यात जास्त याच्यापाशी आहे. नाव फारसी आहे. 'कय' म्हणजे राजा आणि 'कियान' म्हणजे राजे. इराणच्या पुराणकथांमधल्या एका अख्ख्या राजघराण्याचं नावच यावरून पडलं. फिरदौसीने १०१० च्या सुमारास पूर्ण केलेल्या शाहनामा या फारसी महाकाव्यात कैकोबाद, कैकाऊस, कैखुस्रो हे राजे भेटतात, ते याच घराण्यातले. पारशी लोकांमधलं कैखुश्रू हे नाव आपल्या कानावरून गेलेलं असतं. त्यातला 'कै' तोच. तेराव्या शतकाच्या शेवटी दिल्लीच्या तख्तावर बसलेल्या सुलतानाचं नावही कैकोबादच होतं.

हा 'कय' आणखी मागे नेला की अवेस्तात, म्हणजे पारशांच्या प्राचीन धर्मग्रंथात, 'कवि' होतो, आणि तिथे तो आपल्या घरी येतो. संस्कृतातला कवि आणि अवेस्तातला कवि हे एकाच मुळाचे. वेदांत कवि म्हणजे द्रष्टा, तिकडे त्याचा राजा झाला. शाहनाम्यातला कैकाऊस अवेस्तात 'कवि उसन्' आहे आणि ऋग्वेदात त्याच्याशी जुळणारा 'उशना काव्य' आहे. गीतेच्या दहाव्या अध्यायातलं 'कवीनामुशना कविः' आठवा, तोच उशना. म्हणजे 'परकं नाव का ठेवलंत?' असं कुणी विचारलं, तर उत्तर द्यायला जागा आहे आणि ते उत्तर ओढूनताणून आणलेलं नाही.

मग 'ईश्वराची कृपा' आली कुठून? फारसीत तरी तसा अर्थ नाही. आयर्लंडमध्ये 'कीअन' असं नाव आहे, त्याचं स्पेलिंगही कधीकधी हेच असतं, पण त्याचा अर्थ 'प्राचीन'. तिथल्या पुराणकथांमधल्या लू या देवाचा बाप कीअन. त्याचा इराणी राजांशी काही संबंध नाही. देवाची कृपा आहे ती 'इयान'मध्ये : ते जॉनचं स्कॉटिश रूप आणि जॉन आला हिब्रू योहानानवरून, ज्याचा अर्थ 'देव कृपाळू आहे'. कियान-इयान या यमकातून अर्थ इकडचा तिकडे गेला असावा, हा माझा अंदाज. आणि घरात कुणी संस्कृतवाले असतील तर तयारीत राहा. संस्कृतात 'कियान्' म्हणजे 'किती?'. बाळाचं नाव सांगितल्यावर 'किती काय?' हा विनोद एकदा तरी होणारच.

रेयांशची गोष्ट वेगळी आहे. 'अंश' म्हणजे भाग, हे सरळ आहे. देव अधिक अंश देवांश, दिव्य अधिक अंश दिव्यांश. त्याच हिशेबाने रेयांश म्हणजे 'रेय'चा अंश. आता संस्कृतात किरणाला शब्द कमी नाहीत : किरण, रश्मी, मरीची, मयूख, गभस्ती, अंशू. त्यांत 'रेय' कुठेच नाही. आहे तो इंग्रजीतला 'रे', आणि तो लॅटिनमधून आलेला. अंशू म्हणजे किरण आणि अंश म्हणजे भाग, या दोघांचीही या नावात गल्लत झालेली दिसते. 'विष्णूचा अंश' म्हणावं तर रेय हे विष्णूचं नाव नाही. ऋग्वेदात 'रयि' म्हणजे संपत्ती, पण त्याला अंश जोडला तर संधी होऊन 'रय्यंश' होईल. ते कुणी ठेवणार नाही.

नवं नाव घडवण्यात गैर काहीच नाही. आजची जुनी नावंही कधीतरी कुणीतरी पहिल्यांदाच ठेवली होती. नाद आवडला म्हणून ठेवलं, असं सांगणारे आईबाप मला पटतात. खटकतं ते घडवलेल्या नावाला वेदांचा शिक्का मारणं. आणि हाच नाद अर्थासकट हवा असेल तर 'श्रेयांस' आहे की. ते जैनांच्या अकराव्या तीर्थंकरांचं, श्रेयांसनाथांचं नाव. ऋषभदेवांना उसाचा रस देऊन त्यांचं दीर्घ उपोषण सोडवणारा हस्तिनापूरचा राजाही श्रेयांसच. मूळ शब्द 'श्रेयस्', अधिक चांगलं, अधिक हिताचं. 'श्रेयान् स्वधर्मो' मधला तोच. मात्र शेवटी 'स' आहे. 'श' लिहिला की ते पुन्हा अंशांच्या रांगेत जाऊन बसतं.

विहानबद्दल थोडक्यात. प्राकृतात 'विहाण' म्हणजे पहाट. भोजपुरी आणि नेपाळीत आजही 'बिहान' म्हणजे सकाळ. मागे 'वि' आणि 'भा' म्हणजे प्रकाशणे, आणि 'भ'चा 'ह' होणं हे गभीरचा गहिरा होण्यासारखंच. अर्थ स्वच्छ, उच्चार सोपा. अडचण दोन ठिकाणी. एक, ते आता दुर्मीळ राहिलेलं नाही. वर्गात दुसरा विहान भेटण्याची तयारी ठेवा. दुसरी खास मराठी : वहाण. पोरांना हे सापडायला पहिलीचं वर्षही पुरेल.

उच्चाराचं पाहिलं तर रेयांश सगळ्यात अवघड. मराठीत 'अंश'मधला अनुस्वार नाकातल्या 'व'कडे झुकतो, हिंदीत तो सरळ 'न' होतो, आणि अमराठी माणूस 'रियान्श'वर थांबतो. रोमन लिपीत त्याची चार-पाच स्पेलिंगं फिरतात. कियानचीही फिरतात, पण उच्चार कुठेही फारसा बिघडत नाही. लाडाने मात्र 'किया' होणार, आणि ती मोटारगाडी आहे.

तेव्हा वेगळेपण आणि खरा अर्थ दोन्ही हवं असेल तर माझं मत कियानला. अर्थ लगेच कळावा, कुणाला समजावत बसावं लागू नये, असं वाटत असेल तर विहान. रेयांश फक्त नाद आवडला असेल तरच, आणि विचारणाऱ्याला तसंच सांगायची तयारी असेल तर. कियान ठरलंच, तर रोमन स्पेलिंग के-आय-ए-एन एवढंच ठेवा. त्यात जादा 'ए' किंवा 'वाय' घातला तर प्रत्येक अर्जावर एकेक अक्षर सांगत बसावं लागेल.