गूढ ओळ हाती आली, आता आधी कुठला सायफर (मजकूर लपवायची पद्धत) लावून बघायचा?

सीझर लावू की विजनेअर (किल्लीशब्दाप्रमाणे दर अक्षर वेगवेगळी घरं सरकवणारा सायफर) हे ठरवायच्या आधी ओळीत अक्षरं किती आहेत ते मोजा, अर्धा निर्णय तिथेच होतो.

सीझरमध्ये प्रत्येक अक्षर ठराविक घरं पुढे सरकतं, इंग्रजीत २५च शक्यता, त्यामुळे ओळ कितीही छोटी असो पहिला नंबर याचाच. अॅटबॅश (ए चा झेड, बी चा वाय) तर एकच शक्यता, लगेहात उरकून टाका. मजकूर मराठीत असेल तर मजाच, कारण लोक बहुतेक व्यंजनंच सरकवतात आणि काना-मात्रा तशाच ठेवतात, 'कमल'चं 'खयव' होतं खरं पण दर वाक्याच्या शेवटी 'आ' आणि मग एक मात्रावालं अक्षर दिसलं की 'आहे' सापडलाच समजा.

खरी गोची पुढे आहे, अक्षरं बदललीत की नुसत्या जागा बदलल्यात? इंग्रजी मजकुरात ई साधारण १२ टक्के असतो, मग टी आणि ए. हे भरपूर दिसतायत आणि तरी काही वाचता येत नाही म्हणजे जागा हलवल्यात, रेल फेन्स (अक्षरं नागमोडी लिहून मग आडव्या ओळींनी उतरवणं) धरून बघा. उलट एक्स, क्यू, झेड माजलेत म्हणजे अक्षरबदल. त्याच्या शक्यता ४ वर २६ शून्यं एवढ्या आहेत पण घाबरू नका, दीडदोनशे अक्षरं असली तर मोजणी करून एका संध्याकाळीही सुटू शकतो. वीसेक अक्षरांवर मात्र नको, तेवढ्यात दोनतीन वेगवेगळी वाक्यं आरामात बसतात आणि मग प्रत्येकाला आपलंच बरोबर वाटतं.

सगळी अक्षरं जवळपास सारख्याच वेळा येतायत? मग विजनेअरचा संशय घ्या, पण वेळ काढून ठेवा. जर्मन लष्करी अधिकारी कासिस्कीची १८६३ची युक्ती अजून चालते, पुन्हापुन्हा येणारे तुकडे शोधायचे आणि त्यांच्यातल्या अंतरावरून किल्लीशब्दाची लांबी काढायची. आणि एक भाग सुटला म्हणून पुढचाही तसाच असेल असं धरू नका, सीआयएच्या आवारातल्या क्रिप्टोस शिल्पात (१९९०) पहिले दोन भाग विजनेअर जातीचे आणि तिसऱ्यात थेट जागा बदललेल्या!

इंग्लंडमधल्या शगबरोच्या स्मारकावर कोरलेल्या गूढ ओळीसारखी आठदहाच अक्षरं असतील तर सीझर आणि अॅटबॅश करून सोडून द्या, ती बहुधा कुठल्यातरी शब्दांची आद्याक्षरं असतात आणि ते शब्द कुठले हे सायफर सांगत नाही, त्यासाठी ओळ लिहिणाऱ्याचीच माहिती काढावी लागते.