तृषामणीच्या नजरेने स्फटिकांचे एक दुकान

कल्पित जगासाठी जादुई पदार्थ रचणाऱ्याला त्या पदार्थाची शक्ती पटकन सुचते. तिला वेसण कोठे घालायची हे मात्र लवकर सुचत नाही. आमच्या मित्रमंडळींच्या फासे टाकून खेळायच्या कथाखेळात तृषामणी नावाचा एक दगड आहे. तो हवेतील ओल पितो आणि विस्तवाजवळ धरला की ती पाण्याच्या रूपाने परत देतो, त्यामुळे निर्जळ प्रदेशातील राज्ये त्याच्यासाठी एकमेकांवर चालून जातात. एवढे ठरल्यावर खेळाडूंनी रास्त प्रश्न विचारले: हा दगड दिसतो कसा, फुटतो कसा, आणि एकेक मणी घेऊन सगळ्यांनी सुखाने राहावे, त्यात भांडण्यासारखे काय आहे? या प्रश्नांच्या उत्तरांसाठी नाशिकच्या गंगापूर रोड परिसरातील स्फटिकांच्या एका लहानशा दुकानात माझे जाणे-येणे सुरू झाले. हे परीक्षण त्या दुकानाचे आहे, पण तृषामणी डोक्यात ठेवून केलेले.

नाशिकमध्ये अशा दुकानाला मालाची ददात पडू नये. सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी दख्खनवर लाव्हा थरावर थर पसरत गेला, त्यात वायूचे बुडबुडे अडकून पोकळ्या राहिल्या आणि पुढे खडकातून झिरपणाऱ्या खनिजयुक्त पाण्याने त्या पोकळ्यांच्या आतल्या अंगाला स्फटिक वाढवले. ज्या काळ्या कातळात पांडवलेणी कोरली आहेत त्याच जातीच्या कातळात विहीर खणताना किंवा खडीसाठी सुरुंग लावताना हे स्फटिक उघडे पडतात. दुकानात पीच रंगाचे स्टिलबाइट, सुईसारखे स्कोलेसाइट, हिरवट व पाण्यासारखे स्वच्छ ॲपोफिलाइट आणि पांढऱ्या तंतूंचे ओकेनाइटचे गोळे असा भरपूर माल आहे. किमती तळहातावर मावणाऱ्या साध्या नगाच्या ३०० रुपयांपासून सुरू होतात आणि अखंड टोके असलेल्या नगाला झपाट्याने चढतात, ते योग्यच आहे.

तृषामणी म्हणून मी निवडले ते स्टिलबाइट. त्याचे पातळ पापुद्रे मध्यभागी आवळलेल्या गव्हाच्या पेंढीप्रमाणे दोन्ही टोकांना फुलतात आणि त्यांच्या सपाट बाजूवर मोत्यासारखी मंद चमक असते. रूपापेक्षा त्याचा गुण अधिक मोलाचा आहे. स्टिलबाइट हे झिओलाइट कुळातील खनिज असून त्याच्या अंतर्रचनेत सूक्ष्म बोगद्यांचे जाळे असते आणि त्या बोगद्यांत पाणी वस्तीला असते. स्वीडनचे खनिजशास्त्रज्ञ क्रोनस्टेट यांनी १७५६ मध्ये अशाच एका दगडाला आच दिली, तेव्हा तो फसफसला आणि त्यातून वाफ निघाली. स्टिलबाइटचा बारीक तुकडा परीक्षानळीत घालून तापवला की नळीच्या वरच्या थंड भागात पाण्याचे थेंब धरतात. ते पाहिल्यावर आमच्या खेळातील जादू थोडीशी ओशाळली, हे मान्य केले पाहिजे.

वेसणही याच दगडात सापडली. आच बेताची असेल तर झिओलाइट थंड झाल्यावर पुन्हा ओल घेते. आच प्रमाणाबाहेर गेली तर आतला सांगाडाच कोसळतो आणि मग ते पाणी घेईनासे होते. म्हणून आमच्या खेळात आता घाई करणाऱ्या सरदाराचा मणी कायमचा मरतो आणि बेताची आच राखणारा भट्टीकरी सेनापतीइतका महत्त्वाचा ठरतो. शिवाय ते बोगदे इतके अरुंद असतात की त्यांच्या मापात बसणारे रेणूच आत शिरू शकतात. ऑक्सिजन कॉन्सन्ट्रेटरमध्ये कृत्रिम झिओलाइट हवेतील नायट्रोजन धरून ठेवते आणि ऑक्सिजन पुढे जाऊ देते, ते याच कुळाचे काम आहे; त्यामुळे तृषामणी तेल किंवा रक्त पीत नाही, हा नियम आम्हाला वेगळा शोधावा लागला नाही.

आता दुकानाच्या उणिवांकडे येतो. प्रत्येक नगाखाली चिठ्ठी आहे, परंतु तिच्यावर ऊर्जा, चक्र, सकारात्मकता असा मजकूर असून दगड कोणत्या गावच्या खाणीतून आला याचा उल्लेख नाही. संग्राहकाच्या दृष्टीने ठिकाण लिहिलेले नसेल तर नगाची निम्मी किंमत तेथेच गेली. गंमत अशी की विक्रेत्याला हे सारे तोंडपाठ आहे. हा विहिरीतला, हा क्रशरवरचा, असे तो न पाहता सांगतो, पण लिहीत नाही. ॲपोफिलाइट अंगठीत बसवून विकणेही मला पटले नाही. खनिजांच्या मोह्स मापनश्रेणीवर त्याची कठीणता १० पैकी ४.५ ते ५ आहे आणि एका दिशेने ते सहज चिरते, तेव्हा रोजच्या वापरात ते टिकणार नाही. (तृषामणी तलवारीच्या मुठीत बसवता येत नाही, हा नियम या अंगठीवरून सुचला, एवढा तिचा उपयोग.) भडक निळे आणि गुलाबी अकीक रंगवलेले असतात, हे विचारल्याशिवाय सांगितले जात नाही.

सर्वांत गंभीर बाब जोडकामाची आहे. विक्रेत्याने पडदा ओढून अतिनील टॉर्चखाली पॉवेलाइट या खनिजाचा एक चिमुकला स्फटिक दाखवला. त्यातील मॉलिब्डेनममुळे तो लख्ख पिवळा उजळला, आणि ते दृश्य खरोखर पाहण्याजोगे आहे. पण त्याच उजेडात शेजारच्या एका महागड्या नगाच्या बुडाशी निळसर पांढरी रेघ चमकली, ती डिंकाची होती. स्फटिक तुटल्यावर परत चिकटवला होता. विक्रेत्याने तो नग मुकाट्याने बाजूला ठेवला. पुढच्या खेपेस तो त्याच किमतीला पुन्हा काचेआड होता.

असे असले तरी सल्ला मात्र येथे प्रामाणिक मिळतो. माझा नग बांधताना विक्रेता म्हणाला, "सर, याला चिंच-लिंबू लावू नका, तांब्याचं भांडं नाही हे." आम्लाने ही खनिजे खराब होतात, त्यामुळे सूचना अचूक होती.

खरेदीपूर्वी सिन्नरजवळ माळेगाव औद्योगिक वसाहतीतील गारगोटी संग्रहालय पाहून घ्यावे, म्हणजे चांगला नग कसा असतो याची नजर तयार होते. दुकानात जाताना स्वतःचा अतिनील टॉर्च न्यावा, ठिकाण बिलावर लिहून घ्यावे आणि बांधणीसाठी वर्तमानपत्राऐवजी मऊ कागद मागावा. ओकेनाइटचे तंतू बोट लागले तरी चपटे होतात, म्हणून ज्यांना बसने घरी जायचे आहे त्यांनी ते घेऊ नये.