केज (जि. बीड) स्टँडजवळचं ऑनलाइन फॉर्मचं दुकान: पाच स्टार, आणि का ते सविस्तर

हा रिव्ह्यू खूप दिवसांपासून लिहायचा होता. मी पुण्यात इंजिनीअरिंगच्या शेवटच्या वर्षाला आहे आणि मी इथपर्यंत आले त्यात ज्या दुकानाचा मोठा वाटा आहे त्याच्याबद्दल कुठंच कुणी नीट लिहिलेलं नाही, म्हणून लिहिते. मोठं होईल, पण ज्यांच्या घरात पोरगं किंवा पोरगी यंदा बारावीला आहे त्यांनी पूर्ण वाचा.

दुकान म्हणजे काय, तर स्टँडच्या बाजूच्या गल्लीत एक शटर. दोन कॉम्प्युटर, झेरॉक्स मशीन, स्कॅनर, लॅमिनेशन, बाहेर बोर्ड, त्यावर पॅनकार्ड, पीकविमा, उत्पन्नाचा दाखला, शिष्यवृत्ती फॉर्म असं सगळं लिहिलेलं. अशी दुकानं प्रत्येक तालुक्याला ढिगानं असतात. इथं फरक आहे तो काउंटरमागच्या माणसाचा, आम्ही सगळी पोरं त्यांना काकाच म्हणतो.

आधी माझं सांगते म्हणजे बाकीचं कळेल. माझे आई-पप्पा ऊसतोडीला जातात. दिवाळी झाली की टोळीबरोबर कारखान्यावर, आणि परत येतात ते पाडव्याच्या आगंमागं. मी आजीजवळ राहून शिकले. पप्पा चौथी, आई शाळेत गेलीच नाही, आमच्या घरात दहावी पास झालेली मी पहिली. अभ्यासाची मला कधी भीती वाटली नाही. पण कोणता कागद कधी काढायचा, कोणत्या कागदाच्या आधी कोणता लागतो, हे सांगणारं घरात कुणीच नव्हतं. माझ्या वर्गातल्या सरांच्या मुलीला हे सगळं जेवताना घरी कानावर पडत होतं, मला बोनाफाईडचा अर्थसुद्धा अकरावीत कळला.

तर अकरावीला असताना मी त्यांच्याकडं आधारची झेरॉक्स काढायला गेले होते. काकांनी झेरॉक्स हातात देता देता विचारलं, "सायन्सला का? मग व्हॅलिडिटीला अर्ज केला का?" मला काय माहिती व्हॅलिडिटी काय असते, मी म्हणलं माझ्याकडं जातीचा दाखला आहे. ते म्हणले दाखला वेगळा आणि पडताळणी वेगळी, रिझर्वेशनच्या सीटवर इंजिनीअरिंगला जायचं तर जात पडताळणी समितीचं प्रमाणपत्र लागतं, तीच व्हॅलिडिटी, त्याला महिने जातात, बारावीचा निकाल लागल्यावर पळशील तर उशीर होईल, आत्ताच कॉलेजातून अर्ज टाक. दोन रुपयांची झेरॉक्स काढायला आलेल्या पोरीला हे सांगायचं त्यांना काहीच कारण नव्हतं. मागं सात-आठ लोक लाईनीत उभे होते.

आता खरी गंमत नाही, खरं दुःख ऐका. आम्ही नवबौद्ध, म्हणजे एससीत, आणि पडताळणीला एससीकडून 10 ऑगस्ट 1950 च्या आधीचा पुरावा मागतात, आणि सगळ्यात चालणारा पुरावा म्हणजे आजोबा-पणजोबांचा शाळेतला दाखला. आजोबा शाळेत गेलेच नव्हते. म्हणजे ज्या घरात पिढ्यानपिढ्या कुणी शाळेची पायरी चढलं नाही त्या घरातल्या पहिल्या पोरीला शिकायचं तर आधी सिद्ध करा की तुमचे आजोबा शाळेत होते! आणि आमच्याकडं तेव्हा निजामाचं राज्य, जुनी दप्तरं उर्दूत नाहीतर मोडीत, ती आम्हाला कोण वाचून दाखवणार. मी काउंटरवरच रडले होते. काकांनी मला आत खुर्चीवर बसवलं, एक कोरा कागद घेतला आणि विचारत बसले, तुझे पप्पा, त्यांचे वडील, त्यांचे भाऊ, त्या भावांची पोरं, त्यात कुणी नोकरीला लागलंय का? झाडासारखी पूर्ण वंशावळ त्यांनी हातानं काढली. त्यात पप्पांचे एक चुलतभाऊ निघाले, लातूरकडं नोकरीला, त्यांची व्हॅलिडिटी झालेली. वडिलांकडच्या रक्ताच्या नातेवाइकाची व्हॅलिडिटी हा मोठा पुरावा धरतात हे मला त्या दिवशी कळलं. तो पेनानं काढलेला कागद माझ्याजवळ अजून आहे, फाईलमध्ये सगळ्यात वर ठेवलाय.

बारावीनंतरचं सांगते. सीईटीचा, म्हणजे प्रवेश परीक्षेचा, निकाल लागला की आमच्याकडं एजंट गावोगाव फिरतात. एक जण घरी येऊन आजीला सांगून गेला की पुण्यात ॲडमिशन करून देतो, स्कॉलरशिप बसते, फक्त आधी पन्नास हजार द्या. आजी तर टोळीच्या मुकादमाकडून उचल, म्हणजे मजुरीवर आगाऊ पैसे, घ्यायला तयार झाली होती. मी काकांना फोन केला, त्यांनी एकच प्रश्न विचारला, "कॅपमधून का मॅनेजमेंटमधून?" कॅप म्हणजे सरकारच्या ऑनलाइन राऊंडमधून मिळणारी सीट, मॅनेजमेंट म्हणजे कॉलेज स्वतःच्या कोट्यातून देतं ती. मॅनेजमेंट कोट्यातून घेतलं की शिष्यवृत्ती बसत नाही, हे तो एजंट कशाला सांगेल. माझ्याच गावातला एक पोरगा असाच दुसऱ्या एका शहरात अडकला, दुसऱ्या वर्षाला कॉलेज सोडून आला, आता तो पण कोयत्यावर, म्हणजे ऊसतोडीला, जातो. त्याला कुणी हा एक प्रश्न विचारला असता तर.

ऑप्शन फॉर्म, म्हणजे कॅपसाठी कॉलेजांची पसंतीनं लावलेली यादी, भरायला काकांनी मला संध्याकाळी सातनंतर बोलावलं, गर्दी ओसरल्यावर. मी कटऑफ बघून घाबरत घाबरत छोटी कॉलेजं वर टाकत होते. त्यांनी सगळं पुसायला लावलं. म्हणले जिथं मनापासून जायचंय ते वर टाक, खालच्यानं घाबरू नको, आणि एक लक्षात ठेव, पहिल्या राऊंडला पहिलाच ऑप्शन लागला की सीट आपोआप फ्रीझ होते, मग पुढच्या राऊंडला जाता येत नाही, म्हणून पहिल्या नंबरला असंच कॉलेज टाक जिथं लागलं तर रडायची वेळ येणार नाही. सीट लागली तेव्हा सीट ॲक्सेप्टन्सचे हजार रुपये ऑनलाइन भरायचे होते, माझ्याकडं ना कार्ड ना यूपीआय, पप्पांचा फोन बंद. काकांनी स्वतःच्या फोनवरून भरले. मी पंधरा दिवसांनी परत दिले, त्यांनी एकदाही आठवण केली नाही. 2024 मध्ये उत्तर प्रदेशातल्या अतुल कुमारची बातमी आली होती बघा, वडील रोजंदारीवर, धनबादच्या आयआयटीत सीट लागली आणि 17500 रुपये वेळेत भरले गेले नाहीत म्हणून गेली, पार सुप्रीम कोर्टात जावं लागलं तेव्हा परत मिळाली. ती बातमी वाचताना माझ्या डोळ्यासमोर काकांचा तो फोन होता. प्रत्येकाला सुप्रीम कोर्टापर्यंत जाता येत नाही ना.

मग शिष्यवृत्तीचा फॉर्म. माझ्या आधारला पप्पांचा नंबर जोडलेला, लहानपणी काढलं तेव्हा तोच होता. आणि फॉर्म भरायच्या दिवसांत पप्पा बेळगावकडं उसाच्या फडात. ओटीपी जायचा तिकडं, फडात रेंज नाही, पप्पांना मेसेज वाचता येतो पण इंग्रजी नाही, आकडे सांगेपर्यंत वेळ संपायचा. तीन दिवस असंच. शेवटी काकांनी टोळीच्या मुकादमाचा नंबर घेतला, त्याला दुपारी जेवणाच्या सुट्टीत पप्पांना रेंजमध्ये आणून उभं करायला सांगितलं, इकडं फॉर्म उघडून ठेवला, आणि फोनवर पप्पांना म्हणले, "दाजी, फकस्त आकडे सांगा, एकेक करून, घाई नाही." झालं काम! त्यानंतर माझा स्वतःचा नंबर आधारला जोडून घ्यायला लावला, आणि आता अकरावीच्या प्रत्येक पोराला ते हेच आधी विचारतात.

दुसरी गोष्ट जी मला तरी कुणीच सांगितली नव्हती. बँकेत आधार लिंक असणं वेगळं आणि एनपीसीआयला, म्हणजे बँकांमधले व्यवहार चालवणाऱ्या संस्थेकडं, आधारचं खात्याशी मॅपिंग असणं वेगळं. सरकारचे पैसे ज्या खात्याला शेवटचं मॅपिंग झालंय तिथं जातात, तुम्ही फॉर्मवर कोणतं पासबुक जोडलं त्याला अर्थ नाही. काका फॉर्म सबमिट करायच्या आधी ते स्टेटस उघडून दाखवतात, बँकेचं नाव मोठ्यानं वाचायला लावतात. आणि एससीच्या पोस्ट मॅट्रिक, म्हणजे दहावीनंतरच्या, शिष्यवृत्तीमध्ये 2021 पासून केंद्राचा 60 टक्के वाटा थेट आपल्या खात्यात येतो, त्यात कॉलेजची फी पण असते. काकांनी मला आणि आजीला दोघींना समोर बसवून सांगितलं होतं की हा पैसा आला म्हणजे आपला झाला असं नाही, त्यातली फी कॉलेजला भरायची, उचल फेडायला वापरू नका, नाहीतर शेवटच्या वर्षाला कागद अडकतात. माझ्या होस्टेलला दोन मुली अशा आहेत ज्यांच्या घरी तो पैसा दवाखान्यात गेला, त्यांची काही चूक नाही, त्यांना कुणी सांगितलंच नव्हतं.

कॉलेजला ॲडमिशन घ्यायला गेले तेव्हा तिथल्या खिडकीवर पूर्ण फी मागितली. कॉलेजचं नाव लिहीत नाही. माझ्याबरोबर मावसभाऊ होता, आमच्याकडं मिळून चार हजार. मी बाहेर येऊन काकांना फोन लावला, त्यांनी दोन मिनिटांत शासनाचा जीआर (शासन निर्णय) व्हॉट्सॲपवर पाठवला, शिष्यवृत्तीच्या पोरांकडून ॲडमिशनच्या वेळी ट्यूशन फी मागता येत नाही तो. म्हणले भांडू नको, फक्त दाखव आणि म्हण की लेखी द्या. मी तसंच म्हणले. पंधरा मिनिटांत ॲडमिशन झालं. तीनशे किलोमीटरवरून.

स्वाधार योजनेचं पण काकांनीच सांगितलं. सरकारी होस्टेलच्या यादीत माझं नाव आलं नाही, मला वाटलं संपलं, परत जायचं. ते म्हणले ज्यांना होस्टेल मिळत नाही त्यांच्यासाठीच ती योजना आहे, पुण्यासारख्या शहरात जेवणाचे 32000, राहायचे 20000 आणि निर्वाहाचे 8000, मिळून वर्षाला 60000, पण 75 टक्के हजेरी लागते आणि भाडेकरार जपून ठेव, आणि पैसे हातात पडेपर्यंत पहिले काही महिने स्वतःचे धरून चाल. हे शेवटचं वाक्य फार कामाला आलं. मी आधीच कमवा आणि शिकाला नाव टाकलं, सकाळी लायब्ररीत काम केलं.

फक्त आमच्याच समाजाच्या पोरांचं करतात असं कुणाला वाटायला नको. माझी मैत्रीण माळी समाजाची, तिच्या घरच्यांना वाटायचं ओबीसीला अर्धीच फी माफ होते. काकांनी 2024 चा जीआर काढून दाखवला की आठ लाखांच्या आत उत्पन्न असलेल्या ईडब्ल्यूएस (आर्थिक दुर्बल), एसईबीसी (सामाजिक आणि शैक्षणिक मागास), ओबीसी मुलींची कॅपमधून प्रोफेशनल कोर्सला ट्यूशन आणि परीक्षा फी पूर्ण माफ आहे. ती आज बीफार्मसीला आहे. दुकानाशेजारी पानवाले आहेत, तांबोळी, त्यांना माहितीच नव्हतं की तांबोळी ओबीसीच्या यादीत आहेत. मुसलमान म्हणजे ओपन असंच ते धरून चालले होते. त्यांच्या मोठ्या पोराचं शिक्षण त्यातच सुटलं, धाकट्या मुलीचा दाखला काकांनी काढायला लावला, ओबीसीला लागतो तो 13 ऑक्टोबर 1967 च्या आधीचा पुरावा त्यांच्या आजोबांच्या उर्दू शाळेत सापडला.

रेट. झेरॉक्स दोन रुपये, शिष्यवृत्तीचा फॉर्म शंभर, त्यात स्कॅनिंग आणि फाईल 256 केबीच्या आत बसवणं सगळं आलं. आई-बाप टोळीवर गेलेत असं कळलं तर पन्नास घेतात, तेही पैसे आल्यावर. पुण्यात मी एका सेंटरला तोच फॉर्म भरला तर चारशे घेतले आणि वडिलांच्या व्यवसायाच्या रकान्यात शेतकरी टाकून दिलं, न विचारता. काका ऊसतोड कामगार लिहितात.

तक्रारी पण लिहिते, खऱ्या लिहायला पाहिजेत. बसायला जागा नाही, जुलै-ऑगस्टमध्ये दोन-दोन तास उन्हात उभं राहावं लागतं, पोरींना जवळपास बाथरूमची सोय नाही. आणि सगळ्यात मोठी अडचण म्हणजे हे सगळं एका माणसाच्या डोक्यात आहे. मागच्या वर्षी काका आजारी पडले, शटर वीस दिवस बंद होतं, त्या वीस दिवसांत किती पोरांच्या तारखा गेल्या कुणास ठाऊक. हे काम प्रत्येक कॉलेजात पगारी माणूस बसवून व्हायला पाहिजे, मी हे आमच्या जुन्या कॉलेजात जाऊन प्राचार्यांना पण बोलले. सध्या मी सुट्टीत आले की दुकानात बसते, अजून दोन पोरं येतात, काका आम्हाला एकेक योजना समजावून सांगतात आणि आम्ही वहीत लिहून घेतो, शेवटच्या तारखांसकट.

जाणार असाल तर बाजारच्या दिवशी जाऊ नका. दुपारी दीड ते तीन जेवणाला बंद असतं, रात्री मात्र साइट चालू असली की दहापर्यंत थांबतात. सगळे मूळ कागद न्या, पासबुक न्या, उत्पन्नाचा दाखला 31 मार्चला संपलेला नाही ना ते बघा. आणि निघायच्या आधी टोळीवर फोन लावून विचारा, पप्पा रेंजमध्ये आहेत का.