आखाड्यावर साप निघाला तर यालाच बोलवा

औसा तालुक्यात आमचा आखाडा, म्हणजे शेतातलं घर-गोठा, आहे. पावसाळ्यात सरपणात साप निघणं काही नवं नाही. यंदा निघाला तो काळपट, अंगावर पांढरे पट्टे. मण्यार समजून गड्यानं काठी उचलली. मी त्याला थांबवून सर्पमित्राला फोन लावला. पोरगा रात्रीच आला.

त्यानं सापाला हात म्हणून लावला नाही. पाइपाला कापडी पिशवी बांधून तोंड सापापुढं धरलं, बीळ समजून साप आपणच आत गेला. याआधी दुसऱ्या एकाला बोलावलं होतं, तो साप गळ्यात घालून व्हिडिओ काढत बसला. लेकरांसमोर असलं मला अजिबात चालत नाही.

मग काचेच्या बरणीतून त्यानं आम्हाला दाखवलं. “काकू, पट्टे मानेपासूनच आहेत अन् शेपटीकडं पुसट होत गेलेत. हा कवड्या, बिनविषारी. मण्यारीचे पट्टे डोक्यापासून बरेच मागं सुरू होतात, बहुतेक जोडीनं असतात.”

पुतण्या अडून बसला, “मोबाईलवर असाच पट्ट्यांचा साप रॅटलस्नेक गिळताना पाहिलाय!” पोरानं न वैतागता सांगितलं. तो कॅलिफोर्नियाचा किंगस्नेक, अमेरिकेतला. त्याला विष नाही, भक्ष्याला विळखा घालून आवळतो, अन् रॅटलस्नेकचं विष त्याला फारसं बाधत नाही. उंदीर, सरडे, पक्ष्यांची अंडीही खातो. त्याच्याच गोतातला लाल-काळ्या-पिवळ्या पट्ट्यांचा एक किंगस्नेक विषारी कोरल सापासारखा दिसतो, म्हणून शत्रू बिचकतात. आपला कवड्या मण्यारीसारखा दिसतो, तसंच. नागराज म्हणजे किंग कोब्रा निराळाच; तो जहाल विषारी, आपल्या भागात सापडत नाही. दोघंही साप खातात म्हणून नावात ‘किंग’. साप तर आपली मण्यारही खाते, हे मला पहिल्यांदाच कळलं.

मण्यार चावली तर बरेचदा दुखत नाही, सूजही येत नाही. पापण्या जड होतात, गिळता येत नाही. त्यामुळं भुईवर झोपायचं नाही, मच्छरदाणी नीट खोचायची आणि शंका आली तरी मांत्रिकाकडं न जाता थेट सरकारी दवाखाना गाठायचा, हे त्यानं गड्याकडून वदवून घेतलं.

एकच उणीव. हे सगळं छापलेल्या कागदावर द्यायला हवं, तोंडी सांगितलेलं गडी विसरतात. पैसे मागितले नाहीत, पेट्रोलपुरते आम्हीच दिले. बोलावणाऱ्यांनी तेवढे तरी द्यावेत, आणि तो येईपर्यंत सापावर लांबून नजर ठेवावी. साप दिसेनासा झाला तर त्याला सगळं सरपण उपसावं लागतं.