कारखान्याचं मास्टर क्लॉक घेताना: ओव्हनमधलं क्वार्ट्झ की रुबिडियम?

रिफायनरीत कंप्रेसर ट्रिप झाला, म्हणजे सुरक्षेसाठी आपोआप बंद पडला, की काही क्षणांत अलार्मची रांग लागते. आधी व्हायब्रेशन वाढलं की आधी ल्यूब ऑइलचं प्रेशर पडलं, यावर पुढची चौकशी ठरते. व्हायब्रेशनची नोंद डीसीएसमध्ये (प्लांट चालवणाऱ्या मुख्य संगणक यंत्रणेत) आणि ऑइल प्रेशरची शटडाउन सिस्टिममध्ये होत असेल, आणि डीसीएसचं घड्याळ 300 मिलिसेकंद पुढे असेल, तर 200 मिलिसेकंद उशिरा पडलेलं प्रेशर कागदावर आधी पडलेलं दिसतं. मग बेअरिंग सोडून ऑइल पंप उघडला जातो, आणि मशीन तोच दोष घेऊन पुन्हा सुरू होतं. त्याच्या शेजारी माणसं काम करत असतात, म्हणून हा विषय मला फार महत्त्वाचा वाटतो.

14 ऑगस्ट 2003 रोजी अमेरिका-कॅनडात झालेल्या मोठ्या वीजखंडानंतर तपास पथकाला हेच भोवलं. अनेक रेकॉर्डरच्या वेळा एकमेकांशी जुळत नव्हत्या आणि घटनाक्रम लावण्यातच बराच काळ गेला.

मास्टर क्लॉक, म्हणजे प्लांटमधल्या सगळ्या यंत्रणांना एकच वेळ देणारं घड्याळ, सहसा कंट्रोल रूमच्या गच्चीवरच्या अँटेनातून उपग्रहाची वेळ घेतं. तोवर महाग-स्वस्त सगळी सारखीच. फरक दिसतो तो अँटेना बंद पडल्यावर. त्यानंतर घड्याळ आतल्या ऑसिलेटरच्या, म्हणजे ठरावीक वेगाने ठोके देणाऱ्या भागाच्या, जोरावर चालतं, यालाच होल्डओव्हर म्हणतात. कोटेशनमध्ये आधी होल्डओव्हरमधल्या चुकीचा आकडा बघा.

साधा, तापमान-भरपाईवाला क्वार्ट्झ ऑसिलेटर (टीसीएक्सओ) एक पीपीएमने, म्हणजे दहा लाखांत एक भागाने, सरकला तर दिवसाला 86 मिलिसेकंदांची चूक होते. धोकादायक प्लांटसाठी मी तो विचारातच घेणार नाही.

ओसीएक्सओमध्ये क्वार्ट्झ छोट्या ओव्हनमध्ये एका तापमानावर धरलेलं असतं. वारंवारितेत अब्जात एक भाग चूक धरली, तर दिवसाला सुमारे 86 मायक्रोसेकंद सरकतं, म्हणजे एक मिलिसेकंद चुकायला अकरा दिवसांहून जास्त लागतात. घटनांची वेळ नोंदवणाऱ्या इव्हेंट रेकॉर्डरची कार्डं साधारण एक मिलिसेकंद फरक ओळखतात. तेव्हा निव्वळ ट्रिपचा क्रम लावायचा असेल, तर अँटेना दुरुस्त करायला तुमच्या हाती आठवडाभर निवांत मिळतो.

रुबिडियममध्ये क्वार्ट्झला अणूच्या 6.83 गिगाहर्ट्झच्या वारंवारितेशी बांधलेलं असतं. शंभर अब्जात एक भाग चूक धरली तर दिवसाला एक मायक्रोसेकंदही सरकत नाही. याची खरी गरज कारखान्याच्या स्वतःच्या वीजकेंद्रात (कॅप्टिव्ह पॉवर प्लांट) आणि सबस्टेशनमध्ये पडते. 50 हर्ट्झवर विजेच्या लहरीचा एक अंश (पूर्ण आवर्तनाचा 360वा भाग) म्हणजे जेमतेम 56 मायक्रोसेकंद, आणि फेजर, म्हणजे त्या लहरीचा आकार आणि कोन, मोजणाऱ्या यंत्राला चुकीची असलेली सगळी एक टक्का सूट 31-32 मायक्रोसेकंदांच्या चुकीतच संपते. वरच्या हिशेबाने ओसीएक्सओ ही मर्यादा नऊ तासांत ओलांडतं; रुबिडियम, म्हातारपणाचा (वयाबरोबर वारंवारिता बदलण्याचा) सरकाव सोडला तर, महिनाभर टिकतं.

पण अणुघड्याळ आहे म्हणजे ते बिघडणार नाही, असं समजू नका. भारताच्या नाविक या दिशादर्शक उपग्रहमालेतल्या आयआरएनएसएस-1ए उपग्रहावरची तिन्ही रुबिडियम घड्याळं निकामी झाली होती. जमिनीवरचं युनिटही गरम होतं, त्याचा दिवा झिजतो, ते साइटवर दुरुस्त होत नाही आणि किंमत कितीतरी पट असते. शिवाय त्याला अधूनमधून उपग्रहाशी ताळा लागतोच.

उपग्रहाची वेळही नेहमी बरोबर असेलच असं नाही. 26 जानेवारी 2016 ला जीपीएसच्या काही उपग्रहांनी सुमारे 13 मायक्रोसेकंद चुकीची यूटीसी (जागतिक प्रमाणवेळ) दुरुस्ती पाठवली. म्हणून जीपीएसबरोबर नाविक किंवा दुसरी उपग्रहमाला घेणारा, आणि अचानक आलेली उडी नाकारणारा रिसीव्हर मागा. ही सोय ओसीएक्सओवाल्या मॉडेलमध्येही मिळते.

माझं मत ओसीएक्सओच्या बाजूने आहे, आणि वाचलेले पैसे गच्चीवर घाला. कोकणपट्टीतल्या प्लांटमध्ये अँटेनाला खरा धोका आकाशातल्या विजेचा आणि पाण्याचा. केबल इमारतीत शिरते तिथे सर्ज अरेस्टर (विजेचा झटका जमिनीत वळवणारं साधन) बसवा, त्याचं अर्थिंग दर पावसाळ्याआधी मोजा, कनेक्टर वॉटरप्रूफ टेपने नीट गुंडाळा आणि केबलला खाली लूप द्या म्हणजे पाणी आत न जाता थेंबाथेंबाने गळेल. दुसरा अँटेना वेगळ्या बाजूला, वेगळ्या केबलने. आणि 'उपग्रह दिसत नाही' हा अलार्म ऑपरेटरच्या स्क्रीनवर आणा. तो घड्याळाच्या पॅनेलवरच लुकलुकत राहिला, तर अकरा दिवस कधी संपले हे कळणारसुद्धा नाही.

वेळ पुढे कशी पोहोचते, तेही पाहा. एनटीपीवर, म्हणजे नेटवर्कवरून वेळ पाठवायच्या साध्या पद्धतीवर, प्लांटच्या नेटवर्कमध्ये काही मिलिसेकंदांची चूक सहज येते. इव्हेंट कार्डांना आयआरआयजी-बी (वेगळ्या तारेने जाणारा वेळेचा सिग्नल) किंवा पीटीपी (नेटवर्कवरचीच, पण जास्त अचूक पद्धत) द्या, आणि पीटीपी घेतलात तर वाटेतले सगळे स्विच ते हार्डवेअरमध्ये सांभाळणारे हवेत. जुने स्विच तसेच ठेवून रुबिडियम घेण्यात काही अर्थ नाही.

रुबिडियम घ्यावंच, अशा दोन जागा मला दिसतात: फेजर मोजणी किंवा ट्रॅव्हलिंग वेव्ह फॉल्ट लोकेटर (तारेतून धावणाऱ्या लहरीच्या वेळेवरून बिघाडाची जागा शोधणारं यंत्र) असलेलं सबस्टेशन, आणि जिथे वादळात कित्येक दिवस कुणी पोहोचूच शकत नाही असा समुद्रातला प्लॅटफॉर्म, तोही तिथल्या मोजणीला मायक्रोसेकंदांची अचूकता लागत असेल तरच.