जकार्तातलं मेट्रोपोल थिएटर, आणि तिथे हॉलिवूड नाही, लोकल पिक्चरच बघा

वीकेंडला कुठे जायचं असं इथल्या मराठी ग्रुपवर कोणी विचारलं की धडाधड मॉलची नावं येतात, मी मात्र दरवेळी मेंतेंग भागातलं मेट्रोपोल सांगते. 1950 च्या आसपासचं थिएटर आहे, आर्ट डेको, म्हणजे आपल्या मरीन ड्राइव्हच्या बिल्डिंगींची जी स्टाइल तीच, कोपऱ्यावर उंच मनोरा वगैरे. मधे बरीच वर्षं त्याचं नाव मेगारिया होतं त्यामुळे जुन्या लोकांच्या तोंडात अजून तेच बसलंय. आता ते सिनेमा एक्सएक्सआय चेनमध्ये आहे, बाहेरून जुनं आणि आत खुर्च्या, साउंड, पडदा सगळं मॉलच्या तोडीचं. चिकिनी स्टेशनवरून चालत जाता येतं, जकार्ताच्या ट्रॅफिकमध्ये हा केवढा मोठा फायदा आहे ते इथे राहणाऱ्यालाच कळेल!

तिकीट दिवसावर अवलंबून, साधारण 40-50 हजार रुपिया धरून चाला, म्हणजे आपले अडीचशेच्या आसपास. शो सुरू व्हायच्या आधी स्पीकरवर एका बाईंचा आवाज येतो, थिएटर अमुकचं दार उघडलंय, तिकीटवाल्यांनी आत यावं. हा आवाज इथल्या प्रत्येकाला पाठ आहे, लोक त्याची नक्कल करून मीम बनवतात.

आता मुद्द्याचं. इथे येऊन मार्व्हल बघू नका, ते कुठेही दिसतं. लोकल पिक्चर बघा आणि हाऊसफुल शोला बघा. नव्वदच्या दशकाच्या शेवटी इथली फिल्म इंडस्ट्री जवळपास झोपली होती, थिएटरात हॉलिवूड नाहीतर हाँगकाँग, आणि लोकल नट सगळे टीव्हीच्या सिनेत्रोनमध्ये, म्हणजे त्या न संपणाऱ्या सिरियल्स. मग 2002 ला 'आदा आपा देंगान चिंता?' आला (इथे चिंता म्हणजे प्रेम), कॉलेजची पोरं परत थिएटरात आली, तरी स्क्रीनच कमी होते. 2016 मध्ये सरकारने थिएटरचा धंदा परदेशी पैशाला पूर्ण उघडला तेव्हा सीजीव्ही, सिनेपोलिस वगैरे परदेशी चेन जोरात वाढल्या, जागा झाली आणि ती भरली कोणी तर लोकल पिक्चरनी. 2024 मध्ये इंडोनेशियन सिनेमांची 8 कोटींच्या वर तिकिटं खपली, हॉलिवूडपेक्षा जास्त. मराठी पिक्चरला प्राइम टाइम मिळावा म्हणून आपल्याकडे किती रडारड असते ते आठवून मला तर जळायलाच होतं.

लोकल म्हणजे मुख्यतः भुताचे, हे आधीच सांगते. दिग्दर्शक जोको अनवरच्या 2017 च्या 'पेंगाब्दी सेतान'नंतर जी लाट आलीये ती ओसरायचं नाव नाही, आणि खरं सांगू का, दहातले सात टाकाऊ असतात. तेच जावातलं गाव, तीच शापित विहीर, तीच पांढऱ्या कपड्यातली बाई. पण पब्लिक! आधी किंचाळतात आणि लगेच स्वतःच्या किंचाळण्यावर हसतात, शेजारची अनोळखी बाई हात धरते. 'केकेएन दी देसा पेनारी' घरी लॅपटॉपवर बघून मला बोअर झालं होतं, थिएटरात मात्र असलाच पिक्चर वसूल होतो. (त्या पिक्चरची कंपनी मनोज पंजाबींची, सिरियलवालेही तेच, मूळचं सिंधी कुटुंब. इथल्या सिरियलमधल्या सासवा एवढ्या ओळखीच्या का वाटतात, थोडा अंदाज येतो.)

माझा सगळ्यात आवडता 'आगाक लाएन', 2024 चा. जत्रेत भुताचं घर चालवणारे चार कडके मित्र, धंदा बसलेला, एक गिऱ्हाईक आत खरंच मरतं आणि हे त्याला तिथेच पुरतात, मग धंदा चालायला लागतो. चौघंही कॉमेडियन, सुमात्रातल्या मेदान शहराकडचा खडा हेल, जकार्तावाल्यांना तो ऐकूनच हसू फुटतं, पुण्याच्या प्रेक्षकांना मालवणी नाटकात फुटतं तसं. 90 लाखांच्या वर तिकिटं गेली. आणि 2025 च्या ईदला 'जुम्बो' आला, अॅनिमेशन, पूर्ण इथे बनलेला, 1 कोटीच्या पुढे गेला. आईबाबा गेलेला मुलगा त्यांच्या गोष्टीच्या पुस्तकावर नाटक बसवायला बघतो, एवढंच. माझी लेक इथल्याच शाळेत शिकते त्यामुळे तिला सगळं कळत होतं, मी अर्ध्या वेळा तिला विचारत होते आणि शेवटी दोघी रडलो.

सबटायटलचं बघून घ्या. हॉलिवूडला बहासा, म्हणजे इथल्या भाषेतले, सबटायटल असतात, लोकल पिक्चरला इंग्रजी असतीलच असं नाही, काउंटरला विचारा. इंटरव्हल नसतो, आपल्या लोकांना हे जडच जातं, चहा-बिहा आधीच उरकून घ्या. पॉपकॉर्न गोड पण मिळतं, खारं हवं असेल तर 'आसिन' म्हणा. त्यापेक्षा आवारातच पेंपेक मिळतं, मासा आणि टॅपिओकाच्या पिठाचे तळलेले गोळे आणि वर आंबटगोड काळा रस, शाकाहारी असाल तर सोडा.

साडेचार स्टार. ईदच्या सुट्टीत सगळे मोठे लोकल पिक्चर एकदम लागतात, तेव्हा काउंटरवर उभं राहू नका, अॅपवर दोन दिवस आधी काढा आणि मधल्या रांगेच्या मागे बसा, पुढे बसलात तर पब्लिक बघायला मिळत नाही.